वित्त आयोग आणि राज्याच्या आतले अंतर

आपल्या राज्यघटनेने कर गोळा करण्याचे मोठे अधिकार केंद्र सरकारकडे दिले आहेत आणि खर्चाची बरीचशी कामे राज्यांच्या माथी आहेत. प्राप्तिकर, कंपन्यांच्या नफ्यावरील कर, आयातीवरील शुल्क ही भरघोस उत्पन्नाची साधने केंद्राची. शाळा, दवाखाने, पाटबंधारे, पोलीस, गावोगावचे रस्ते ही जबाबदारी मात्र राज्यांची. राज्यांच्या हाती जमीन महसूल, मुद्रांक शुल्क, मोटारींवरील कर, दारूवरील कर आणि विक्रीकर होता. त्या विक्रीकराचाही मोठा भाग 1 जुलै 2017 पासून वस्तू व सेवा करात विलीन झाला. तेव्हा केंद्राने गोळा केलेल्या पैशातून राज्यांना वाटा देणे हा काही उपकार नव्हे, तो घटनेच्या रचनेचाच भाग होय.

हा वाटा ठरवण्यासाठी घटनेच्या 280 व्या अनुच्छेदानुसार दर पाच वर्षांनी वित्त आयोग नेमला जातो. पहिला आयोग 1951 साली के. सी. नियोगी यांच्या अध्यक्षतेखाली नेमला गेला. परीक्षेत वित्त आयोग ‘टीपा लिहा’ या सदरात येतो, आणि आपण आयोगाचा क्रमांक, अध्यक्षांचे नाव व टक्केवारी पाठ करून पाच गुण मिळवतो. पण या टक्केवारीच्या मागे जो विचार आहे तो पाठ करण्यापेक्षा समजून घेण्यासारखा आहे.

आयोगापुढे दोन प्रश्न असतात. एकूण करातून सर्व राज्यांना मिळून किती द्यायचे, हा पहिला. सन 2000 मधील 80 व्या घटनादुरुस्तीपूर्वी प्रामुख्याने प्राप्तिकर व उत्पादनशुल्क यांचीच वाटणी होई. त्यानंतर केंद्राचे जवळजवळ सर्व कर वाटणीस आले. डॉ. विजय केळकर यांच्या तेराव्या आयोगाने राज्यांचा वाटा 32 टक्के ठरवला, डॉ. वाय. व्ही. रेड्डी यांच्या चौदाव्याने तो एकदम 42 टक्क्यांवर नेला. पंधराव्या आयोगाने जम्मू-काश्मीर केंद्रशासित झाल्यामुळे तो 41 टक्के केला, आणि 2026 ते 2031 या काळासाठी सोळाव्या आयोगाने तोच कायम ठेवला आहे. येथे एक मेख आहे. केंद्र सरकार जे उपकर व अधिभार बसवते, ते या वाटणीत धरले जात नाहीत. म्हणजे टक्केवारी तीच ठेवून वाटणीची थाळी लहान करता येते.

दुसरा प्रश्न अधिक अवघड : राज्याराज्यांत हा पैसा कोणत्या प्रमाणात वाटायचा? पहिल्या आयोगाने प्राप्तिकराच्या बाबतीत 80 टक्के भार लोकसंख्येला आणि 20 टक्के भार त्या राज्यातील वसुलीला दिला होता. पुढे वसुलीचा निकष मागे पडला, आणि ते योग्यच झाले असे मला वाटते. मुंबईत जो कर भरला जातो तो सगळा मुंबईत कमावलेला नसतो. जमशेदपूरच्या भट्ट्यांत पोलाद तयार होते, पण त्या कंपनीचे मुख्य कार्यालय मुंबईत आहे. ‘आम्ही रुपया देतो आणि आम्हाला पैसे परत मिळतात’ अशी तक्रार आपल्याकडे वारंवार ऐकू येते. ती करताना कर भरण्याची जागा आणि कमाईची जागा यांतला फरक आपण विसरतो.

आज या वाटणीत सर्वांत वजनदार निकष आहे तो ‘उत्पन्नातील अंतर’ हा. पंधराव्या आयोगाने त्याला 45 टक्के भार दिला. उरलेल्यात 2011 ची लोकसंख्या 15, क्षेत्रफळ 15, लोकसंख्या आटोक्यात ठेवण्यातील यश 12.5, वने व पर्यावरण 10 आणि करवसुलीतील प्रयत्न 2.5 टक्के अशी विभागणी होती. अंतर म्हणजे काय? समजा वरच्या पातळीवरील राज्याचे दरडोई उत्पन्न 300 रुपये आहे, ‘क’ राज्याचे 200 आणि ‘ख’ राज्याचे 100. क चे अंतर 100 झाले, ख चे 200. दोघांची लोकसंख्या सारखी असेल तर या निकषापुरता ख ला क च्या दुप्पट वाटा मिळतो. जो जितका मागे, त्याच्या पदरात तितके जास्त. हिशेब इतका सोपा आहे की तो शाळेच्या फळ्यावर मांडता येईल.

त्याचा परिणाम आकड्यांत स्पष्ट दिसतो. 2011 च्या जनगणनेत महाराष्ट्राची लोकसंख्या 11 कोटी 24 लाख होती, बिहारची साधारण 10 कोटी 40 लाख. तरीही पंधराव्या आयोगाच्या वाटणीत बिहारला 10.058 टक्के आणि महाराष्ट्राला 6.317 टक्के मिळाले. कर्नाटकाचा वाटा तर चौदाव्या आयोगाच्या 4.713 वरून 3.647 वर आला, आणि तेथे त्याविरुद्ध मोठी ओरड झाली. देशाच्या एकूण उत्पन्नात राज्याची भर किती, हा नवा निकष सोळाव्या आयोगाने 10 टक्के भाराने घातला, तो अशाच तक्रारींचे फळ असावा. पण बिहारमधील मुलाला शाळेत शिक्षक मिळावा म्हणून पुढारलेल्या राज्यांच्या कमाईतला काही भाग तिकडे जात असेल, तर त्यात अन्याय कोणता? देश एक मानला तर हे मानावेच लागेल.

माझी शंका वेगळीच आहे. हा सारा हिशेब राज्याच्या सरासरीवर चालतो. दहा घरांच्या वाडीत एका घराचे वर्षाचे उत्पन्न 10 लाख आणि उरलेल्या नऊ घरांचे प्रत्येकी 50 हजार असेल, तर वाडीची सरासरी 1 लाख 45 हजार भरते. आणि ती एकाही घराची नसते. महाराष्ट्राच्या दरडोई उत्पन्नाचे असेच आहे. त्या आकड्यात मुंबई, ठाणे, पुणे आहेत आणि गडचिरोली, नंदुरबार, हिंगोलीही आहेत. दिल्लीच्या दृष्टीने आपण श्रीमंत राज्यातले. मी ज्या तालुक्यातून येतो तेथे उन्हाळ्यात पाण्याचा टँकर आणि दिवाळीनंतर ऊसतोडीचा मुकादम, हेच श्रीमंतीचे दर्शन! आणि आमचा जिल्हा साखर कारखान्यांसाठी प्रसिद्ध आहे. साताऱ्यातील माण-खटाव, सांगलीतील जत-आटपाडी येथील वाचकांना हे वेगळे सांगायला नको.

मागासलेल्या भागाला न्याय मिळावा ही कल्पना महाराष्ट्राला नवी नाही. 1953 च्या नागपूर करारात ती आहे, घटनेच्या 371 (2) या अनुच्छेदात आहे. 1983 साली अर्थतज्ज्ञ वि. म. दांडेकर यांच्या अध्यक्षतेखाली सत्यशोधन समिती नेमली गेली. रस्ते, सिंचन, शिक्षण, आरोग्य, पाणीपुरवठा अशा क्षेत्रांत कोणता जिल्हा राज्याच्या सरासरीच्या किती खाली आहे ते मोजून समितीने 1984 मध्ये अनुशेषाचा आकडा काढला : सुमारे 3,187 कोटी रुपये. त्यात विदर्भ 1,247 कोटी, मराठवाडा 751 कोटी आणि उर्वरित महाराष्ट्र 1,189 कोटी. पुढे 1994 अखेरचा अनुशेष दुसऱ्या समितीने मोजला, तो 14,007 कोटी भरला. यात भाववाढीचा वाटा आहे हे खरे, पण अनुशेष काही सरला नाही. 1994 साली वैधानिक विकास मंडळे आली. 30 एप्रिल 2020 रोजी त्यांची मुदतही संपली. मध्यंतरी 2011 मध्ये ज्यांच्याकडे समतोल विकासाच्या अभ्यासाचे काम दिले गेले ते डॉ. केळकर, तेराव्या वित्त आयोगाचेच अध्यक्ष. राज्याराज्यांतले अंतर मोजलेला माणूस जिल्ह्याजिल्ह्यांतले अंतर मोजायला बसला, आणि 2013 मध्ये त्यांच्या समितीने अहवालही दिला. पण दिल्लीचा आयोग सांगतो तो वाटा राज्याला दरमहा मिळत राहतो. मुंबईत सादर होणाऱ्या अहवालांचे तसे नाही.

73 व्या घटनादुरुस्तीने, म्हणजे 1993 पासून, प्रत्येक राज्याने दर पाच वर्षांनी स्वतःचा राज्य वित्त आयोग नेमणे बंधनकारक आहे. अनेक राज्ये यात इतकी चालढकल करतात, की मार्च 2024 नंतर ही अट न पाळणाऱ्या राज्यांना स्थानिक संस्थांचे अनुदान देऊ नये, असे पंधराव्या आयोगाला सुचवावे लागले.

गावात हा आयोग सर्वांना ठाऊक आहे तो सिमेंट रस्त्याच्या किंवा गटाराच्या कडेला लावलेल्या ‘पंधरावा वित्त आयोग’ या पाटीमुळे. हा निधी केंद्राकडून येतो आणि 2021 नंतर त्यातील 60 टक्के रक्कम पाणी व स्वच्छता यांसाठी राखून ठेवलेली होती. पण तो वाटताना लोकसंख्या आणि क्षेत्रफळ पाहिले जाते. ज्या गावात कारखाना आहे त्याला कारखान्याची घरपट्टी मिळते. ज्या गावातली निम्मी घरे ऊसतोडीच्या हंगामात कुलूपबंद असतात त्याची घरपट्टी थकलेली. लोकसंख्या व क्षेत्रफळ सारखे असेल तर या निधीतून दोघांना सारखेच मिळते. पंधराव्या आयोगाने राज्याराज्यांत 45 टक्के भार दिलेला ‘अंतर’ हा निकष येथे शून्यावर आलेला असतो.

तालुक्याचे किंवा गावाचे दरडोई उत्पन्न कोण काढणार, अशी अडचण यावर सांगितली जाईल. अडचण खरी आहे. परंतु दांडेकर समितीने उत्पन्नाच्या आकड्यावर भिस्त ठेवली नव्हती; तिने भिजलेली जमीन, रस्त्यांची लांबी, दवाखान्यांतील खाटा अशा मोजता येणाऱ्या गोष्टी मोजल्या. तसेच तालुक्यात टँकर किती दिवस चालला, ओलिताखाली किती क्षेत्र आहे, हंगामात किती मुले शाळेतून आई-बापांबरोबर निघून गेली, या नोंदी तहसील कचेरीत आणि शाळेच्या हजेरीपटात आजही असतात. राज्य वित्त आयोगाने निधीचा एक भाग, अगदी चौथा हिस्सा का होईना, या नोंदींवरून वाटायचा ठरवला तर त्यासाठी नवे खाते काढावे लागणार नाही.