धमकी आली म्हणून कोयता उगारता येईल का?

प्रश्न : वकीलसाहेब, बार्शी तालुक्यात माझी थोडी कोरडवाहू जमीन आहे. शेजारचं रान चुलतभावाचं. दर नांगरटीला तो बांध कोरतो. गेल्या महिन्यात बाजारात चार लोकांसमोर म्हणाला, ‘पुन्हा बांधावर दिसलास तर तिथंच गाडीन.’ फोनवरही तेच बोलला, ते रेकॉर्ड झालंय. पोलिसांनी एनसी (अदखलपात्र गुन्ह्याची नोंद) घेतली, पुढं काही नाही. आम्ही वस्तीवर राहतो, घरात बायको आणि म्हातारे वडील. आता मी गाडीला कोयता बांधूनच रानात जातो. तो अंगावर आला आणि माझ्या हातून त्याचं बरंवाईट झालं, तर ते स्वसंरक्षण धरतील का?
– एक शेतकरी वाचक

उत्तर : महिन्यापूर्वीची धमकी आणि उद्या समोर शस्त्र घेऊन उभा राहिलेला माणूस, या दोन गोष्टी तुम्ही एक समजताय. कायदा त्या वेगळ्या मानतो.

जीवे मारण्याची धमकी हा स्वतंत्र गुन्हा आहे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५१ मध्ये त्याला सात वर्षांपर्यंत शिक्षा आहे. पण ती शिक्षा न्यायालय देईल. पोलिसांकडं जायला वेळ असेल तर स्वसंरक्षणाचा हक्क मिळत नाही, हे कलम ३७ स्पष्ट सांगतं. म्हणून बाजारातल्या बोलण्याचा हिशेब बांधावर चुकता केलात, तर तो सरळ खून ठरू शकतो.

आता चुलतभाऊ खरोखर कुऱ्हाड उगारून धावून आला असं धरू. पहिला घाव झेलल्याशिवाय हात उचलता येत नाही, हा गावोगावचा समज चुकीचा आहे. अंगावर धोका येतोय अशी वाजवी भीती वाटली की कलम ४० प्रमाणे हक्क सुरू होतो. मृत्यूची किंवा जबर दुखापतीची भीती असेल, तर कलम ३८ प्रमाणे हल्लेखोर मेला तरी तो गुन्हा नाही. जीव घाबरलेल्या माणसानं वार मोजूनमापून करावा, अशी अपेक्षा न्यायालयं ठेवत नाहीत. पंजाबातल्या दर्शन सिंग खटल्यात भाऊबंदांचं जमिनीचंच भांडण होतं. वडिलांवर गंडाशाचा (लांब दांड्याच्या धारदार हत्याराचा) घाव पडला आणि मुलानं गोळी झाडली. उच्च न्यायालयानं त्याला दोषी धरलं होतं. सर्वोच्च न्यायालयानं २०१० मध्ये त्याची निर्दोष मुक्तता केली आणि संकटात सापडलेल्यानं भेकडासारखं पळून जावं असं कायदा सांगत नाही, असंही नमूद केलं.

पण धोका संपला की हक्कही त्याच क्षणी संपतो. मला तुमच्याबाबतीत सगळ्यात जास्त काळजी इथंच वाटते. जयदेव विरुद्ध पंजाब राज्य या जुन्या खटल्यातही वाद शेतावरूनच होता. समोरचे लोक रान सोडून पळत असताना आरोपींनी बंदुका चालवल्या. सर्वोच्च न्यायालयानं स्वसंरक्षणाचा बचाव मानला नाही. तुमचा भाऊ पडला, त्याच्या हातची कुऱ्हाड सुटली, आणि तुम्ही दुसरा वार केलात, तर पहिला वार माफ होऊनही दुसऱ्यासाठी तुम्ही तुरुंगात जाल. सद्‌हेतूनं आणि भीतीच्या भरात मर्यादा ओलांडली गेली, तर कलम १०१ च्या अपवादानं खुनाऐवजी सदोष मनुष्यवध धरतात. त्यालाही जन्मठेपेपर्यंत शिक्षा होऊ शकते.

नुसता बांध कोरणाऱ्याला अडवता येतं, हाकलता येतं. त्यासाठी जीव घेता येत नाही. रात्री वस्तीवर घरफोडी झाली किंवा राहत्या घराला आग लावली, तर मात्र कलम ४१ मध्ये हक्क बराच मोठा आहे.

कोयता गाडीवरून काढा. कापणीला नेता तेव्हा कुणी काही म्हणणार नाही. पण बाजाराला जातानाही तो बांधलेला असेल, तर सरकारी वकील पहिला प्रश्न विचारतील की तुम्ही तयारीनं गेला होता का. शिवाय स्वसंरक्षण होतं हे दाखवण्याचं ओझं तुमच्यावर असतं. सरकार पक्षाइतका कडक पुरावा तुमच्याकडून मागत नाहीत, शक्यतेचं पारडं तुमच्या बाजूला झुकलं तरी पुरतं. ते पारडं त्या कोयत्यानं हलकं करू नका.

एनसीवर थांबू नका. अदखलपात्र गुन्ह्याच्या तपासाचा आदेश दंडाधिकाऱ्यांकडून मागता येतो. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १२६ खाली, ज्याला आपल्याकडं चॅप्टर केस म्हणतात, चुलतभावाकडून शांतता राखण्याचा वर्षापर्यंतचा बाँड घेता येतो. त्यासाठी पोलिसांकडं आणि कार्यकारी दंडाधिकारी म्हणून तहसीलदारांकडं लेखी अर्ज द्या. रेकॉर्डिंग असलेला मूळ फोन जपून ठेवा, विकू नका. भूमी अभिलेख कार्यालयात हद्द कायम मोजणीचे पैसे भरा. बांध ठरला की भांडणाचं मूळच उरत नाही. कोरलेल्या जमिनीचा ताबा गेला असेल, तर मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ खाली तहसीलदारांकडं दावा होतो, पण सहा महिन्यांच्या आत. तुम्ही पावसाळ्यापासून थांबला असाल, तर उद्याच जा.

तरीही झटापट झालीच, तर ११२ वर फोन तुम्हीच आधी करा आणि जखमीला मदत मागवा. ‘मी तिथं नव्हतोच’ असं घाबरून कुणी शिकवलं तरी म्हणू नका, स्वसंरक्षणाचा बचाव त्यानं खिळखिळा होतो. तुमच्या अंगावरचे ओरखडे, सूज, घाव त्याच दिवशी सरकारी दवाखान्यात नोंदवून घ्या. आरोपीच्या अंगावरच्या गंभीर जखमा कशा झाल्या हे सरकार पक्षाला सांगता आलं नाही, तर त्या पक्षाच्या साक्षीपुराव्याबद्दल शंका निर्माण होते, हे सर्वोच्च न्यायालयानं लक्ष्मी सिंग विरुद्ध बिहार राज्य या १९७६ च्या निकालात सांगितलं आहे. आणि अंगावरचे कपडे धुऊ नका, तसेच पोलिसांकडं जमा करा.