पंचवीस दिव्यांचे कुलूप

मोबाइलवरील ‘एस्केप रूम’चा एखादा खेळ तुम्ही खेळत आहात असे समजा. टेबलाचा खण उघडून तुम्ही किल्ली मिळवलीत, चित्रामागची तिजोरी उघडलीत, भिंतीवरच्या घड्याळाचे काटे योग्य जागी आणलेत. आता दाराशी पोचता तो काय, दारावर पाच ओळींत पाच-पाच असे पंचवीस दिवे, आणि सगळे पेटलेले! ते सगळे विझले की दार उघडणार.

प्रत्येक दिवा हेच एक बटण आहे. पण ते दाबले की तो एकटा दिवा बदलत नाही. त्याच्या लगतचे वरचा, खालचा, डावा आणि उजवा हे शेजारीही बदलतात. पेटलेला विझतो, विझलेला पेटतो. कडेच्या दिव्याला तीनच शेजारी, कोपऱ्यातल्याला दोनच. शिवाय अट अशी की, बटणे पंधरा वेळाच दाबता येतील. सोळाव्यांदा बोट लावलेत की सगळे दिवे पुन्हा पेटणार!

बहुतेक मुले या ठिकाणी अडतात आणि ‘सूचना’ असे लिहिलेल्या चित्राकडे बोट नेतात. तूर्त तिकडे जाऊ नका. कागद, पेन्सिल आणि पंचवीस चिंचोके घेऊन बसा.

अशा खेळांचा इतिहास फार जुना नाही. जपानमधील तोशिमित्सु ताकागी यांनी २००४ मध्ये संगणकासाठी केलेला ‘क्रिमझन रूम’ हा खेळ जगभर गाजला. २००७ मध्ये क्योटो शहरात ताकाओ काटो यांनी खरोखरीच्या खोलीत माणसांना कोंडून तोच खेळ मांडला. दिव्यांचे हे कोडे मात्र त्याहूनही आधीचे आहे. ‘लाइट्स आउट’ नावाचे हातात मावणारे खेळणे टायगर इलेक्ट्रॉनिक्स या कंपनीने १९९५ मध्ये विक्रीला आणले, त्यावर असेच पंचवीस दिवे होते. मोबाइलवरील खोल्यांत ते कुलूप बनून पुन्हा अवतरले आहे.

आधी पाहू की नुसत्या धडपडीने हे कुलूप उघडेल का. प्रत्येक दिव्याच्या दोनच अवस्था, म्हणून पंचवीस दिव्यांच्या एकूण अवस्था २ चा पंचविसावा घात, म्हणजे ३,३५,५४,४३२. एका सेकंदाला एक या वेगाने, न झोपता, त्या सगळ्या नुसत्या पाहायच्या म्हटल्या तरी ३८८ दिवस लागतील. तेव्हा तो मार्ग सोडून देऊ.

आता जिन्यातला दिवा आठवा. त्याचे एक बटण खाली, एक वर. खालचे बटण दाबले, वर जाऊन वरचे दाबले, तर दिवा होता तसाच. आधी वरचे आणि मग खालचे दाबले तरी तेच. बटणे एकूण किती वेळा दाबली, सम वेळा की विषम वेळा, एवढेच काय ते दिव्याला कळते. आपल्या कुलपातील प्रत्येक दिवाही असाच जिन्यातला दिवा आहे, फक्त त्याची बटणे पाचपर्यंत आहेत. यातून दोन गोष्टी निघतात. एक, कोणतेही बटण दोनदा दाबणे म्हणजे न दाबणे. दोन, बटणे कोणत्या क्रमाने दाबली याला काहीच महत्त्व नाही. म्हणून ‘आधी हे, मग ते’ अशी साखळी शोधायचीच नाही. कोणती बटणे दाबायची, एवढे ठरवायचे.

पाच ओळींचे कोडे सोडवण्यापूर्वी तीन ओळींचे घ्या. नऊ दिवे, सगळे पेटलेले. चार कोपरे आणि मधला अशी पाच बटणे दाबा. कोपऱ्यातला दिवा स्वतःच्या बटणाने एकदा बदलतो. कडेचा दिवा दोन्ही बाजूंचे कोपरे आणि मधला मिळून तीनदा बदलतो. मधला स्वतःमुळे एकदा. सगळे विषम, म्हणून सगळे विझले. चिंचोके मांडून खात्री करून घ्या.

आता पंचवीस दिव्यांकडे वळू. पहिल्या ओळीतील बटणांना हात न लावता त्या ओळीतील दिवा विझवायचा असेल, तर त्याच्या बरोबर खालचे, दुसऱ्या ओळीतले बटण दाबण्यावाचून गत्यंतर नाही. दुसऱ्या ओळीतले इतर कोणतेही बटण त्या दिव्यापर्यंत पोचत नाही. तेव्हा पहिल्या ओळीत जेथे जेथे दिवा पेटलेला असेल, त्याखालचे बटण दाबा. पहिली ओळ विझली. आता दुसऱ्या ओळीत जे दिवे पेटलेले दिसतील, त्यांच्याखालची तिसऱ्या ओळीतील बटणे दाबा. असे उतरत उतरत पाचव्या ओळीपर्यंत या. वरच्या चार ओळी विझतील आणि सगळी अडचण शेवटच्या ओळीत गोळा होईल. केरसुणीने केर दारापर्यंत लोटत आणावा, तसेच हे.

तो शेवटचा केर कसा काढायचा? त्यासाठी पुन्हा पहिल्या ओळीकडे जायचे, तिथे एक-दोन बटणे मुद्दाम दाबायची आणि वरून खाली पुन्हा तसेच उतरायचे. कोणती बटणे दाबायची ते पुढे दिले आहे. डावीकडून दिव्यांना १ ते ५ असे क्रमांक द्या.

शेवटच्या ओळीत १, ५ पेटलेले : पहिल्या ओळीत १, २ दाबा
२, ४ पेटलेले : १, ४ दाबा
१, २, ३ पेटलेले : २ दाबा
३, ४, ५ पेटलेले : ४ दाबा
१, ३, ४ पेटलेले : ५ दाबा
२, ३, ५ पेटलेले : १ दाबा
१, २, ४, ५ पेटलेले : ३ दाबा

ही यादी पाठ करण्यात अर्थ नाही, ती तुम्हीच तयार करू शकता. सगळे दिवे विझलेले मांडा, पहिल्या ओळीतले एकच बटण दाबा आणि खाली उतरत जा. शेवटच्या ओळीत काय उरते ते लिहून ठेवा. पाच बटणांसाठी पाच वेळा केले की यादी हाती आली.

आपल्या दारावरचे सगळे दिवे पेटलेले आहेत. कागदावर करून पाहा. पहिल्या फेरीत दुसऱ्या ओळीतली पाच, तिसरीतली दोन, चौथीतली चार आणि पाचवीतली तीन बटणे दाबावी लागतात, आणि शेवटी १ व ५ हे दिवे उरतात. म्हणून पहिल्या ओळीत १, २ दाबून दुसरी फेरी. तीत एकूण अकरा बटणे. चौदा आणि अकरा मिळून पंचवीस! पण परवानगी तर पंधराचीच. हताश होऊ नका. दोन्ही फेऱ्यांची यादी शेजारी ठेवा. पाच बटणे दोन्ही फेऱ्यांत आलेली दिसतील, उदाहरणार्थ दुसऱ्या ओळीतले मधले. दोनदा दाबणे म्हणजे न दाबणे, तेव्हा ती दहा दाबणी गळाली. राहिली बरोबर पंधरा. आकृतीत काळा ठिपका म्हणजे दाबायचे बटण.

आकृती १
● ● ○ ○ ○
● ● ○ ● ●
○ ○ ● ● ●
○ ● ● ● ○
○ ● ● ○ ●

खेळ रचणाऱ्याने पंधराची मर्यादा उगाच घातलेली नाही. सगळे पेटलेले दिवे याहून कमी वेळा दाबून विझतच नाहीत. आणि ज्या मांडण्या सुटू शकतात, त्यांपैकी एकीलाही पंधरापेक्षा जास्त दाबणी लागत नाहीत.

‘सुटू शकतात’ असे मी का म्हटले? शेवटच्या ओळीत दिवे उरण्याचे एकूण एकतीस प्रकार संभवतात, आणि आपल्या यादीत तर सातच आहेत. उरलेल्या चोवीस प्रकारांचे काय? त्यांना उत्तरच नाही. ‘मला सापडले नाही’ आणि ‘नाहीच’ यांत मोठे अंतर आहे, म्हणून याचे कारण नीट पाहू.

आकृती २
● ○ ● ○ ●
● ○ ● ○ ●
○ ○ ○ ○ ○
● ○ ● ○ ●
● ○ ● ○ ●

येथे काळा ठिपका म्हणजे खुणेचा दिवा. आता पंचवीसपैकी कोणतेही बटण घ्या आणि त्याने खुणेचे किती दिवे बदलतात ते मोजा. कोपऱ्यातले बटण : तो स्वतः आणि त्याखालचा, म्हणजे दोन. पहिल्या ओळीतले दुसरे : डावा आणि उजवा, दोन. तिसऱ्या ओळीतले पहिले : वरचा आणि खालचा, पुन्हा दोन. तिसऱ्या ओळीतले दुसरे व चौथे बटण खुणेच्या एकाही दिव्याला शिवत नाही. बाकीची तेवीस बटणे नेमके दोन दिवे बदलतात. दोन दिवे बदलले की पेटलेल्या खुणेच्या दिव्यांची संख्या दोनाने वाढते, दोनाने घटते किंवा तेवढीच राहते. म्हणजेच ती सम असेल तर समच राहील आणि विषम असेल तर विषमच. शेवटी ती शून्य व्हायला हवी, आणि शून्य तर सम! म्हणून सुरुवातीला ती विषम असेल, तर जन्मभर बटणे दाबलीत तरी दार उघडणार नाही.

हीच आकृती काटकोनात फिरवून, म्हणजे स्तंभांच्या ओळी करून, दुसरी कसोटी मिळते. दोन्ही कसोट्यांत संख्या सम आली, तर कोडे हमखास सुटते. याची सिद्धता थोडी लांब आहे, ती येथे देत नाही. एकूण अवस्थांपैकी बरोबर एक चतुर्थांश, म्हणजे ८३,८८,६०८ अवस्था या दोन्हींत उतरतात.

आकृती २ चा आणखी एक गुण आहे. तीतील बारा बटणे दाबून पाहा : एकही दिवा बदललेला दिसणार नाही! ‘अ’ बटण ‘ब’ दिव्याला बदलत असेल तर ‘ब’ बटणही ‘अ’ दिव्याला बदलते, या परस्पर नात्यामुळे असे होते. म्हणून आकृती १ मध्ये ही बारा बटणे मिळवली, तर दुसरे उत्तर मिळते. मिळवून पाहा. आकृती १ उलटी धरल्यासारखी, खालची ओळ वर गेलेली दिसेल.

माझ्या ओळखीच्या नववीतल्या एका मुलीची गंमत सांगतो. पुढच्या टप्प्यात दिवे विखुरलेले होते. तिने ते कागदावर उतरवून घेतले, दोनदा तपासून फेरी केली, आणि शेवटच्या ओळीत एकटा मधला दिवा उरला. तो तर यादीत नाही! “काका, खेळातच चूक आहे,” असे तिने जाहीर केले. आम्ही कसोटी लावली. कागदावर खुणेचे सात दिवे पेटलेले, विषम. मग पडद्यावर मोजले तर आठ. दुसऱ्या ओळीतला पहिला दिवा उतरवून घेताना राहून गेला होता. खेळ निर्दोष होता, नक्कल चुकली होती.

संगणकही असाच चुका पकडतो. त्यात माहिती १ आणि ० यांच्या ओळींनी साठवलेली असते. प्रत्येक ओळीला एक जादा अंक जोडून १ ची संख्या सम ठेवली, तर वाटेत एखादा अंक बदलताच संख्या विषम होते आणि चूक उघडकीस येते. अमेरिकेतील बेल प्रयोगशाळेच्या रिचर्ड हॅमिंग यांनी १९५० मध्ये याच्या पुढची युक्ती प्रसिद्ध केली. वेगवेगळ्या खुणांच्या गटांवर अशा अनेक कसोट्या लावायच्या आणि कोणत्या विषम आल्या यावरून नेमका कोणता अंक चुकला ते ओळखून तो दुरुस्तही करायचा.

मात्र आपल्या दोन कसोट्या प्रत्येक चूक पकडत नाहीत. पंचवीसपैकी पाच जागा अशा आहेत की तेथील दिवा उतरवताना चुकला तरी दोन्ही कसोट्या गप्प बसतात. त्या पाच जागा शोधा. मग त्यांपैकी एकाच जागी दिवा पेटलेला आहे असे मांडून तो विझवून दाखवा. त्या पाच जागांची आकृती तुम्ही सापशिडी खेळताना अनेकदा पाहिली आहे.