परगावच्या कोर्टाचे समन्स आले तर

व्यापारी बंधूंनो, बिलाच्या तळाशी बारीक अक्षरांत एक ओळ छापलेली असते : 'सर्व वाद सुरत न्यायालयाच्या अधीन.' माल घेताना ती कोणी वाचत नाही. पुढे पैशांवरून तंटा होतो आणि मालेगाव, भिवंडीच्या दुकानात बेलिफ सुरतेचे समन्स घेऊन उभा राहतो. "ते कोर्ट आपले नाही, कशाला जायचे?" असे म्हणून कागद गल्ल्यात टाकणारे पुष्कळ आहेत. एकतर्फी हुकूमनामा होतो, त्याची दरखास्त आपल्याच गावच्या कोर्टात येते आणि माग जप्तीला लागतात. तेव्हा "सुरतेला अधिकार नव्हता" ही हरकत ऐकली जात नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये स्नेहलता गोयल प्रकरणात तसे स्पष्ट सांगितले आहे.

दावा कोणी ऐकायचा याला मराठीत अधिकारक्षेत्र म्हणतात, उर्दूत इख्तियार-ए-समाअत. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम २० प्रमाणे उधारीचा दावा प्रतिवादी राहतो वा धंदा करतो तिथे, किंवा दाव्याचे कारण पूर्णतः अथवा अंशतः घडले तिथे लावता येतो. 'अंशतः' हा शब्द नीट ध्यानात घ्या. सौदा सुरतेत झाला किंवा पैसे सुरतेत द्यायचे ठरले असतील तर सुरतेचे कोर्टही चालते, आणि उगाच हरकत घेऊन फक्त तारखा वाढतात.

हरकत खरी असेल तर कलम २१ म्हणते की ती पहिल्या कोर्टातच, शक्य तितक्या लवकर आणि मुद्दे निघण्यापूर्वी घ्यावी. अपिलात ती नव्याने चालत नाही. वेळेवर घेतलेली असली तरी न्यायाची हानी झाल्याचेही दाखवावे लागते. म्हणून वकीलसाहेबांना सांगून कैफियतीतच ती लिहून घ्या. कैफियतीची मुदत समन्स मिळाल्यापासून ३० दिवस, कोर्टाने वाढवली तर ९० पर्यंत. हरकत मान्य झाली तरी दावा मरत नाही. दावा अर्ज योग्य कोर्टात दाखल करण्यासाठी परत दिला जातो. देणे खरे असेल तर ते तसेच राहते, फक्त फेऱ्या वाचतात.

आता त्या छापील ओळीविषयी. हकमसिंग प्रकरणात (१९७१) ठरले की दोन कोर्टांना अधिकार असेल तर त्यांतले एक कराराने निवडता येते, पण ज्याला मुळात अधिकारच नाही त्याला कराराने तो देता येत नाही. १९८९ चे ए.बी.सी. लॅमिनार्ट प्रकरण तर आपल्याच धंद्यातले, मेटॅलिक यार्नच्या सौद्याचे. कागदावर खेडा कोर्टाचे नाव होते, तरी 'फक्त' असा शब्द नसल्याने सेलमचा दावा चालला. मात्र २०१३ च्या स्वस्तिक गॅसेस निकालात 'फक्त' शब्द नसला तरी एका ठिकाणाचे नाव लिहिण्यातूनच बाकीची कोर्टे वगळण्याचा हेतू दिसू शकतो असे म्हटले. तेव्हा जुन्या निकालाच्या भरवशावर राहू नका. आणि सौदा पक्का झाल्यावर आलेल्या बिलावरची ओळ आपण कबूल केली होती का, हा प्रश्न वेगळा उरतो. सहीची ऑर्डर, चिठ्ठ्या, दलालाचा कागद जपून ठेवा.

ट्रान्सपोर्टच्या पावतीवरही 'फक्त मुंबई' असते. १९९१ मध्ये पटेल रोडवेज प्रकरणात, कंपनीच्या ज्या शाखेत माल दिला तिथे दाव्याचे कारण घडले असेल तर केवळ मुख्य कचेरी मुंबईत म्हणून मुंबईला अधिकार येत नाही, असे ठरले. माल गहाळ झालेल्यांना याचा मोठा आधार आहे.

कोर्टाला विषयाचाच अधिकार नसेल तर गोष्ट वेगळी. मुंबईत दुकानाच्या भाडेकराराचा तंटा लघुवाद न्यायालयाचा. तो भलत्या कोर्टात चालला तर हुकूमनामाच शून्य, आणि ती हरकत केव्हाही घेता येते.

जुने वकील कलम ९-अ चे नाव घेतात. महाराष्ट्राने १९७७ मध्ये आणलेले ते कलम २०१८ मध्ये रद्द झाले. चेक परत जाण्याचा खटला फौजदारी. खात्यात भरलेला चेक परत गेला तर २०१५ च्या दुरुस्तीपासून तो पैसे घेणाऱ्याच्या बँक शाखेच्या गावी चालतो, तिथे कलम २१ चा उपयोग नाही.