हुकूमनामा मिळाला, वसुली कधी?
उधारीच्या दाव्यात हुकूमनामा मिळाला की आपण निर्धास्त होतो. पण रक्कम हाती येण्यासाठी कोर्टात दरखास्त लावावी लागते आणि खरी रखडपट्टी तिथेच होते. दरखास्त ६ महिन्यांत निकाली काढावी, उशीर झाल्यास कारणे लेखी नोंदवावीत, असे सुप्रीम कोर्टाने २२ एप्रिल २०२१ रोजी खालच्या कोर्टांना बजावले. ६ मार्च २०२५ रोजी सर्व हायकोर्टांना प्रलंबित दरखास्तींची माहिती मागवून त्या ६ महिन्यांत निकाली काढून घेण्यास सांगितले.

व्यापारी बंधूंनो, पैशांच्या हुकूमनाम्याला दरखास्तीची मुदत १२ वर्षे आहे. तरी थांबू नका. ऋणकोच्या मालमत्तेची यादी आधीच करा आणि तारखा पडू लागल्या तर वकिलांना या निकालांचा हवाला द्यायला सांगा.