गाळा एकाचा, गिऱ्हाईक दुसऱ्याचं : वानखेडे स्टेडियम का बांधावं लागलं?

भाड्याच्या जागेवरच्या व्हिडिओत वानखेडेचं उदाहरण दोन मिनिटांत उरकलं होतं. आज जरा सविस्तर बघू.

मुंबईत चर्चगेटच्या आसपास बॉम्बे जिमखाना, ब्रेबॉर्न आणि वानखेडे अशी तीन मैदानं आहेत. कसोटी सामने तिन्हींवर झाले. अर्ध्या तासात पायी तिन्ही बघून होतात. मग एवढ्या जवळजवळ तीन कशाला? क्रिकेट वाढलं म्हणून, हे झालं अर्धं उत्तर. उरलेलं अर्धं आपल्या कामाचं आहे.

भारतातली पहिली कसोटी डिसेंबर १९३३ मध्ये बॉम्बे जिमखान्यावर झाली. लाला अमरनाथ यांनी पदार्पणातच ११८ धावा काढल्या. पण जिमखाना तेव्हा गोऱ्यांचा क्लब. खेळायला आणि बघायला आपली माणसं, जागा साहेबाची. त्याच वर्षी क्रिकेट क्लब ऑफ इंडिया, म्हणजे सीसीआय, स्थापन झाला. त्याच्या मागे होते अँथनी डी'मेलो. मुंबईचे गव्हर्नर लॉर्ड ब्रेबॉर्न यांच्याकडून त्यांनी समुद्रात भराव घालून काढलेली सुमारे ९० हजार चौरस वार जमीन मिळवली. असं सांगतात, की त्यांनी गव्हर्नरांना विचारलं, सरकारसाठी जास्त पैसे हवेत की स्वतःसाठी कायमचं नाव? गोष्ट खरी असो नसो, स्टेडियमला नाव ब्रेबॉर्नचंच लागलं. समोरच्याला पैशापेक्षा काय जास्त हवंय ते आधी ओळखायचं, याला म्हणतात सौदा!

७ डिसेंबर १९३७ ला ब्रेबॉर्नचं उद्घाटन झालं. आणि पहिल्याच हंगामात भांडण. पंचरंगी स्पर्धेत आपल्याला खुर्च्या कमी दिल्या म्हणून हिंदूंचा संघ खेळायलाच आला नाही. स्टेडियम नवं कोरं, आणि गर्दी खेचणारा संघच गायब.

हे दुखणं पुढे गेलंच नाही. १९४८ पासून ब्रेबॉर्नवर कसोट्या सुरू झाल्या. मैदान सीसीआयचं, पण मुंबईचं क्रिकेट चालवायची बॉम्बे क्रिकेट असोसिएशन. तिच्या हाताखाली शहरातले क्लब, आणि प्रत्येकाला तिकिटं हवीत. सीसीआय म्हणायचा, आमचे सभासद आधी. म्हणजे सामना आला की तीच घासाघीस. शेवटी असोसिएशनचे अध्यक्ष, विदर्भातले बॅरिस्टर शेषराव वानखेडे यांनी ठरवलं, आपलं बांधू. तेव्हा सीसीआयकडून विजय मर्चंट होते. तेही क्रिकेटमधलं मोठं नाव, पण तडजोड झाली नाही. ब्रेबॉर्नपासून हाकेच्या अंतरावर, शशी प्रभू यांच्या आराखड्यावर, सुमारे तेरा महिन्यांत नवं स्टेडियम उभं राहिलं. जानेवारी १९७५ मध्ये तिथे पहिली कसोटी झाली, वेस्ट इंडीजविरुद्ध. क्लाइव्ह लॉइडने नाबाद २४२ ठोकल्या.

आता तुम्ही म्हणाल, सर, म्हणजे मालकाशी वाजलं की लगेच स्वतःचा गाळा घ्यायचा? थांबा भाऊ. वानखेडे नुसत्या रागावर उभं राहिलेलं नाही. सामने असोसिएशनच्या हातात होते, तिकिटं मागणारे क्लब तिचे होते. जागा बदलली तरी गिऱ्हाईक तिच्यामागे येणार, हे नक्की होतं. धुळ्यात आग्रा रोडवर तुमचं शेवभाजीचं काउंटर असेल, तर आधी हेच तपासा: लोक तुमच्या रश्श्यासाठी येतात की तो कोपरा वाटेवर पडतो म्हणून? दुसरं उत्तर असेल तर भाडं वाढलं तरी गुमान द्या.

आणि ‘स्वतःचं’ हा शब्दही जपून वापरा. वानखेडेची जमीन राज्य सरकारची, भाडेपट्ट्यावरची. पट्ट्याची मुदत संपल्यावर नूतनीकरण आणि थकबाकीचा प्रश्न उभा राहिलाच. जळगावात मनपाच्या गाळ्यांचं काय झालं, ते मी सांगायला नको.

सीसीआयचं काय झालं? फेब्रुवारी १९७३ नंतर तिथे कसोटी झाली ती थेट डिसेंबर २००९ मध्ये, तेही २०११ च्या विश्वचषकासाठी वानखेडेची पुनर्बांधणी चालू होती म्हणून. मधली छत्तीस वर्षं हातचं मोठं गिऱ्हाईक गेलेलं. तरी क्लब बंद पडला नाही, कारण त्याचे सभासद होते. मला विचाराल तर या सगळ्यात शिकण्यासारखा माणूस घरमालकच आहे. एका भाडेकरूवर घर चालवायचं नाही, हे त्याला वेगळं सांगावं लागलं नाही.

गाळा घेणाऱ्यांनी आजच करार काढून तीन गोष्टी बघा. मुदत कधी संपते? भाडं किती टक्क्यांनी आणि कधी वाढणार? आणि दुकानासमोरची जागा, बोर्ड, पार्किंग कुणाचं, हे लिहिलंय का? तिसरं बहुतेकांच्या करारात नसतं. मुंबईत भांडण खुर्च्यांवरून झालं, आपल्याकडे ते पायरीवरून होतं. पुढच्या व्हिडिओत ही तिसरी अट कशी लिहून घ्यायची ते नमुन्यासकट दाखवतो.