पासवर्ड उसना देऊ नकोस

अगं, सहकारी बँकेच्या कारंजा शाखेत रुजू झालीस आणि लगेच ती ‘सायबर सुरक्षा धोरणा’ची जाडजूड फाइल सहीसाठी तुझ्या पुढ्यात आली. ‘कर सही, कोण वाचतं!’ असं सगळेच म्हणतील. तू मात्र वाचूनच सही कर. उद्या काही बरंवाईट झालं, तर चौकशीत पहिल्यांदा तीच सही तुला दाखवतील.

हे नियम आले कुठून, ते आधी समजून घे. 2018 च्या ऑगस्टमध्ये पुण्याच्या कॉसमॉस सहकारी बँकेवर सायबर हल्ला झाला. एटीएमच्या व्यवहारांना मंजुरी देणाऱ्या यंत्रणेची चोरांनी बनावट प्रतिकृती उभी केली आणि 28 देशांतल्या एटीएममधून बनावट कार्डांवर पैसे निघत गेले. मग स्विफ्ट या बँकांच्या आंतरराष्ट्रीय संदेशयंत्रणेमार्गे जवळपास 14 कोटी रुपये हाँगकाँगला गेले. एकूण फटका 94 कोटींचा. त्याच वर्षी ऑक्टोबरात रिझर्व्ह बँकेने नागरी सहकारी बँकांना सायबर सुरक्षेची किमान चौकट घालून दिली. बँक कोणत्या सेवा देते, त्यावरून 2019 च्या डिसेंबरात या चौकटीचे चार स्तर ठरवले. पहिला स्तर सगळ्यांनाच लागू, अगदी लहान बँकेलासुद्धा. त्यात बँकेच्या स्वतःच्या डोमेनचा ईमेल हवा, आणि सीबीएस, म्हणजे खात्यांचे सगळे व्यवहार जिथे होतात ती बँकेची मुख्य संगणक प्रणाली, उघडताना पासवर्डसोबत दर वेळी बदलणारी दुसरी ओळखही हवी.

आता ती फाइल वाचायची कशी? प्रत्येक कलमापाशी तीन प्रश्न विचार: हे काम कोणाचं? कधी करायचं? केल्याचा पुरावा कुठे? समजा, ‘नोकरी सोडलेल्या कर्मचाऱ्याचा आयडी बंद करावा’ असं लिहिलंय. मग तो कोणी बंद केला, कोणत्या तारखेला, नोंद कुठल्या रजिस्टरात आहे? उत्तर सापडत नसेल, तर तो नियम कागदावरच आहे असं समज आणि व्यवस्थापकांना तसं लेखी कळव. ऑडिटच्या आदल्या रात्री बसून वर्षभराच्या नोंदी भरायला कोणी सांगितलं, तर स्पष्ट नाही म्हण. ते पालन नाही, खोटी नोंद आहे.

खरी कसोटी सोयाबीनच्या हंगामात लागेल. काउंटरपुढे रांग दाराबाहेर गेलेली असेल, साहेब जेवायला गेलेले असतील आणि त्यांचा पासवर्ड कीबोर्डखालच्या चिठ्ठीवर असेल. ‘तूच एंट्री कर, तूच पास कर,’ असं म्हणतील. तेव्हा हात आखडता घे. एकाने नोंदवायचं आणि दुसऱ्याने तपासून मंजूर करायचं, यातच खातेदाराचं रक्षण आहे. एकाच माणसाच्या हाती दोन्ही गेलं, की चूक आणि चोरी दोन्हींना वाट मोकळी. शिवाय साहेबांच्या आयडीने झालेला व्यवहार नेमका कोणी केला, हे नंतर सिद्ध करता येत नाही.

आणखी एक. गर्दीत कोणी आपलं आधार तुझ्या व्हॉट्सॲपवर टाकतो म्हणाला, तर घेऊ नकोस. 2023 च्या डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्यात माहिती जपण्यात हयगय करणाऱ्या संस्थेला 250 कोटींपर्यंत दंडाची तरतूद आहे. पण दंडापेक्षा त्या माणसाचा विचार कर. रिसोडकडच्या एखाद्या शेतकऱ्याचं वर्षाचं पीक त्या एका खात्यात असतं.

आणि काही गडबड दिसली, तर ‘उद्या बघू’ म्हणू नकोस. सर्ट-इन या केंद्र सरकारच्या सायबर सुरक्षा संस्थेच्या 2022 च्या आदेशाप्रमाणे सायबर घटना लक्षात आल्यापासून सहा तासांत बँकेला तिच्याकडे कळवावी लागते. म्हणून तू लगेच वरिष्ठांना सांग. खातेदाराचे पैसे गेले असतील, तर त्याला 1930 या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर तक्रार करायला तिथेच बसवून मदत कर.

नवीन आहेस, म्हणून गप्प बसू नकोस. नियमाला धरून राहिलीस तर चार दिवस लोक ‘फार शहाणी’ म्हणतील, म्हणू देत. तुझा आयडी, तुझा पासवर्ड, तुझी सही या तिन्ही गोष्टी कोणालाही उसन्या देऊ नकोस, अगदी साहेबांनी मागितल्या तरी.