गळती तोटी बदलू नका, तिचे कार्ट्रिज बदला

सोनगीर हे तांब्या-पितळेच्या भांड्यांचे गाव. जुन्या हंड्याला ठोका मारून, डाग देऊन तो पुन्हा वापरात आणायचा, ही येथील रीत. पण त्याच गावात नळाची तोटी गळू लागली की आपण ती सरळ काढून फेकतो आणि नवी आणतो. वास्तविक तोटीचे अंग पितळेचे असेल, तर ते वर्षानुवर्षे टिकते. झिजते ते आतले कार्ट्रिज. कोणी त्याला स्पिंडल म्हणतात. तेवढे बदलले की तोटी पुन्हा नव्यासारखी चालते.

गळतीने काय जाते, ते आधी मोजून पाहा. तोटीखाली एक लिटरचे भांडे ठेवा. ते तासाभरात भरत असेल, तर दिवसाला २४ आणि महिन्याला ७२० लिटर पाणी वाया जाते. खानदेशातील उन्हाळ्यात या पाण्याची किंमत सांगायला नको. मशिदीच्या वजूखान्यात तर एका ओळीत अनेक तोट्या असतात. त्यातील दोन-चार गळू लागल्या तरी टाकी रिकामी व्हायला वेळ लागत नाही.

पाव फेऱ्यात उघडणाऱ्या तोटीच्या कार्ट्रिजमध्ये चिनी मातीसारख्या कठीण पदार्थाच्या दोन चकत्या असतात. एक स्थिर राहते, दुसरी मुठीबरोबर फिरते. दोन्हींची भोके समोरासमोर आली की पाणी वाहते, सरकली की बंद होते. खाली रबरी सील असते. पाण्यातील रेतीने चकत्यांवर ओरखडे पडतात, बोअरच्या जड पाण्याचे क्षार साचतात आणि रबर दबून चपटे होते. मग थेंब सुरू होतो.

मात्र गळती कोठून आहे, हे आधी पाहावे. तोंडातून थेंब पडत असेल तर दोष बहुधा कार्ट्रिजचा. मुठीखालून पाणी झिरपत असेल तर नट सैल किंवा रबरी रिंग खराब असू शकते. भिंतीजवळ ओल असेल तर आट्यांवरची टेप बदलावी लागेल, कार्ट्रिजला हात लावण्याचे कारण नाही.

काम असे करावे :

१) टाकीचा व्हॉल्व्ह बंद करा. तोटी उघडून उरलेले पाणी जाऊ द्या. बेसिनच्या भोकात फडके कोंबा, म्हणजे स्क्रू आत पडणार नाही.

२) मुठीवरची टोपी अलगद उचला, स्क्रू काढा आणि मूठ वर ओढा. क्षाराने ती अडकली असेल तर सिरक्यात भिजवलेले फडके अर्धा तास गुंडाळून ठेवा. हातोडी मारू नका.

३) वरची वाटी हाताने काढा. आतील पितळी भाग पान्ह्याने डावीकडे फिरवून सोडवा. दुसऱ्या हाताने तोटी घट्ट धरा, नाहीतर भिंतीतील पाइप फिरेल आणि काम वाढेल.

४) जुने कार्ट्रिज बाहेर काढा. बैठक कापडाने पुसा. तोटीवर बादली आडवी धरून व्हॉल्व्ह क्षणभर उघडा, म्हणजे आतली रेती निघून जाईल.

५) नवे कार्ट्रिज आधी हातानेच आट्यांत बसवा. सरळ बसल्याची खात्री झाल्यावर पान्ह्याने बेताने आवळा. फार आवळल्यास मूठ जड फिरते, आतील भागही बिघडतो.

६) मूठ बसवा, तोटी अर्धी उघडी ठेवून व्हॉल्व्ह हळूहळू सोडा. हवा निघून गेली की तोटी बंद करून पाच मिनिटे पाहा.

खरी चूक होते ती खरेदीत. आम्ही स्वतः एकदा अंदाजाने धुळ्याहून कार्ट्रिज आणले. दिसायला तेच, पण दांड्यावरील दात वेगळे निघाले. मूठ बसली नाही आणि दुसरी खेप पडली. म्हणून जुना नग खिशात घालूनच दुकानात जावे. लांबी, आट्यांची जाडी, दांड्यावरील दात आणि उघडण्याची दिशा, या चार गोष्टी जुळल्या पाहिजेत. गरम व थंड पाण्याच्या एका मुठीच्या तोटीत ३५ आणि ४० मिलिमीटरची कार्ट्रिज सर्रास येतात. तेथे माप घेतल्याशिवाय पैसे देऊ नयेत.

आता दुकानदार व कारागीर बांधवांसाठी दोन शब्द. तुम्ही विकता त्या प्रत्येक प्रकारच्या तोटीची चार-दोन कार्ट्रिज दुकानात ठेवा. काढलेला एकेक नमुना चिठ्ठी लावून डब्यात जपून ठेवा, म्हणजे गिऱ्हाइकाचा नग पुढे आला की जोड लगेच सापडेल. प्लंबरने सुट्या भागाची किंमत आणि आपली मजुरी वेगवेगळी सांगावी. हुनराची मजुरी मागण्यात कमीपणा नाही.

कार्ट्रिजने भागत असताना पूर्ण तोटी गळ्यात मारली, तर आज चार पैसे जास्त सुटतील. पण गिऱ्हाइकाला ते कधीतरी कळतेच, आणि मग तो पुढची खरेदी दुसरीकडे करतो. "तोटी चांगली आहे, एवढा भागच बदला," असे सांगणाऱ्या दुकानाकडे मात्र तो घर बांधताना सगळ्या नळांसाठी येतो. आमच्या मते धंद्यातील बरकत ती हीच.